इथे काही नाही, पुढे चला

गाईड हा काळाच्या बाबतीत फार श्रीमंत माणूस. शतकं त्याच्याकडे सुट्ट्या पैशांसारखी असतात. "हे सहाव्या शतकातलं, ते नवव्या शतकातलं" म्हणत तो ती दोन्ही हातांनी उधळतो. मिनिटांच्या बाबतीत मात्र त्याच्याइतका काटकसरी माणूस सापडायचा नाही. वेरूळला लेणी चौतीस. बारा बौद्ध, सतरा हिंदू, पाच जैन. डोंगराच्या कडेनं दोनेक किलोमीटर पसरलेली. आणि मागे उभ्या असलेल्या मंडळींना साडेबाराला थाळी हवी. अशा वेळी काटछाट करावीच लागते, आणि त्यासाठी गाईडकडे एक वाक्य तयार असतं: "इथे काही नाही, पुढे चला."

या वाक्यावर माझा फार दिवस विश्वास होता. गाईडनं 'आहे' म्हटलं की माना वर करायच्या, 'नाही' म्हटलं की पाय उचलायचे. सहलीचा छापील कार्यक्रमही तसाच असतो. सकाळी वेरूळ, मग घृष्णेश्वराचं दर्शन, दुपारी दौलताबादचा किल्ला, वाटेत कागजीपुरा, संध्याकाळी बीबी का मकबरा. दुसऱ्या दिवशी पैठण: नाथांची समाधी, जायकवाडीचं धरण आणि पैठणी. कागजीपुरा आणि पैठणी यांच्यापुढे कंसात 'कारागिरांशी संवाद' असं लिहिलेलं असतं. संवादाला वेळ वीस मिनिटं, त्यातली पंधरा खरेदीची.

अशा सहलीत काही माणसं ठरलेलीच असतात. एक काका प्रत्येक लेण्यात "हे बांधलं कोणी?" विचारतात आणि गाईड तितक्याच चिकाटीनं "बांधलं नाही काका, कोरलं" असं सांगतो. दुसरे काका कैलासासमोर उभे राहून म्हणतात, "हेच आजच्या कॉन्ट्रॅक्टरला दिलं असतं तर पहिल्या पावसात गळलं असतं." एखाद्या मावशी खांबाला टेकून, "एवढं सगळं झाडायला किती माणसं लागत असतील हो?" विचारतात. हा प्रश्न पुरातत्त्वाच्या कुठल्याही पुस्तकात आलेला नाही, पण तो मला नेहमी सगळ्यांत समंजस वाटतो. आणि एक मुलगा असतो, जो सगळ्यांना गप्प करतो: "पण मग एवढा दगड गेला कुठे?"

कैलास लेणं म्हणजे डोंगरात खणलेला 276 फूट लांब, 154 फूट रुंद आणि मागच्या बाजूला 107 फूट खोल असा चौक, आणि त्याच्या मधोमध शिल्लक ठेवलेलं देऊळ. कमीत कमी दोन लाख टन दगड काढला असावा, असा अंदाज करतात. दगड गेला कुठे यावर सहलीत पाच मिनिटं हिरीरीनं चर्चा होते, आणि शेवटी दोष नेहमीप्रमाणे सरकारवर जातो. कुठल्या, ते कोणी विचारत नाही. राष्ट्रकूटांचं होतं.

इथे गाईड आपली ठेवणीतली गोष्ट काढतो. एका राजाला असाध्य रोग झाला. राणी माणिकावतीनं शंकराला नवस केला: राजा बरा होऊ दे, तुझं देऊळ बांधीन, आणि त्याचं शिखर पाहिल्याशिवाय अन्न घेणार नाही. राजा बरा झाला. आता पंचाईत अशी की देवळाचं शिखर सगळ्यांत शेवटी होतं, आणि तोवर राणी राहायची कशी? सगळ्या शिल्पकारांनी हात टेकले. तेव्हा पैठणचा कोकास पुढे आला आणि म्हणाला, आठवड्यात शिखर दाखवतो. त्यानं देऊळ पायापासून बांधलंच नाही; डोंगराच्या माथ्यावरून खाली कोरत आणलं. ही गोष्ट कृष्ण याज्ञवल्कीच्या 'कथाकल्पतरू'त आहे. इतिहास म्हणाल तर कैलासाचं श्रेय राष्ट्रकूट राजा पहिला कृष्ण याला दिलं जातं, आणि तो आठव्या शतकातला. राणीच्या उपासाचा उल्लेख इतिहासात नाही. पण डोंगर वरून खाली कोरला, हे मात्र गोष्टीत आणि इतिहासात सारखंच आहे.

बडोद्याला राष्ट्रकूटांच्या गुजरात शाखेतल्या कर्कराजाचा इ.स. 812 चा ताम्रपट सापडला. त्यात एलापूरच्या, म्हणजे वेरूळच्या, डोंगरावरच्या या देवळाचं वर्णन आहे. विमानातून जाणारे देव ते पाहून थक्क होतात, हे ठीक. देवांचं ते कामच आहे. पण ज्यानं ते केलं तो शिल्पीसुद्धा चकित होतो आणि हे आपल्या हातून कसं झालं, पुन्हा जमणार नाही, असं त्याला वाटतं. आजच्या कुठल्या इमारतीबद्दल तिच्या आर्किटेक्टला असं वाटल्याचं ऐकिवात नाही. 'हे यानं कसं केलं' असं रहिवाशांना मात्र रोज वाटतं.

तर त्या शिल्प्याला कसं झालं ते कळलं नाही, आणि पूर्ण झालेलं काम पाहून आपल्यालाही कळत नाही. पुरं झालेलं काम मोठं लबाड असतं. आपल्यामागच्या हातांचा मागमूस ते ठेवत नाही. गुळगुळीत झालेल्या मूर्तीसमोर आपण हात जोडतो, नाहीतर फोटो काढतो. दोन्हींत कोरणारा दिसत नाही.

तो दिसतो, गाईड जिथून पुढे चला म्हणतो तिथे. तिसावं लेणं, छोटा कैलास, अर्धवट सोडलेलं आहे. बत्तिसावं लेणं, ज्याला इंद्रसभा म्हणतात, त्याचा वरचा मजला नक्षीकामानं भरलेला आहे, खालचा मात्र अपुरा राहिला. आधी वर, मग खाली, हाच या कामाचा क्रम. छत आधी घडवायचं, खांब वरून सोडवत आणायचे, जमीन सगळ्यांत शेवटी. त्यामुळे परांची बांधायचं कारणच नव्हतं. ज्या दगडावर उभं राहून काम करायचं, तोच कापत खाली यायचं. म्हणूनच काम मध्येच थांबलं की छताला रेखीवपणा आणि पायाखाली खडबडाट, असं ते दिसतं. छिन्नीच्या तिरक्या रेघा अजून तशाच आहेत. खांब चौकोनी झालाय, गोल व्हायचा राहिलाय.

अजिंठ्याचं चोविसावं लेणं तर याची पाठशाळाच आहे. पुरं झालं असतं तर ते तिथल्या सर्वांत मोठ्या विहारांपैकी एक झालं असतं. वाकाटक राजा हरिषेण गेला आणि पाचव्या शतकाच्या शेवटच्या पंचवीसेक वर्षांत अजिंठ्याची कामं बंद पडत गेली, असं वॉल्टर स्पिंक या अभ्यासकाचं मत होतं. राजांच्या निधनाच्या नोंदी होतात. चोविसाव्या लेण्यातून हत्यारं गुंडाळून निघालेल्या माणसाला शेवटच्या आठवड्याची मजुरी मिळाली की नाही, याची नोंद कुठे नाही. आपल्याकडच्या प्रथेवरून अंदाज करता येतो.

ज्यांनी या डोंगराकडे खरोखर निवांतपणे पाहिलं, त्यांत एक पुण्याचा माणूस होता, हे सांगायला पुणेकर विसरतात, म्हणून मी सांगतो. गंगाराम तांबट. अठराव्या शतकाच्या शेवटच्या दशकात, पेशवे दरबारातला इंग्रज वकील चार्ल्स मॅलेट याच्यासाठी त्यानं वेरूळला जाऊन लेण्यांची चित्रं काढली. चित्र काढणाऱ्याला 'पुढे चला' म्हणता येत नाही. प्रत्येक खांब मोजावा लागतो, तुटलेला हातही तुटलेलाच काढावा लागतो. पुढे 1819 साली जॉन स्मिथ नावाचा इंग्रज अधिकारी अजिंठ्याला पोचला आणि त्यानं दहाव्या लेण्याच्या खांबावर आपलं नाव आणि तारीख कोरली. आपली सहल गंगारामाच्या वळणावर जायची की स्मिथच्या, हे आपलं आपण ठरवायचं.

वेरूळहून परतताना कागजीपुरा लागतो. दौलताबादजवळचं हे गाव हातकागदासाठी ओळखलं जातं, आणि तुघलकानं राजधानी दिल्लीहून इकडे हलवली तेव्हापासून इथे कागद होतो, असं सांगतात. महंमद तुघलकाच्या एका निर्णयाचा तरी लोकांना उपयोग झाला, असं म्हणायला जागा आहे. सहल थांबते ती दुकानासमोर. फुलांच्या पाकळ्या घातलेली पाकिटं, जाडजूड डायऱ्या. सगळे डायरी घेतात. त्या डायऱ्या पुढे कोणी लिहीत नाही, कारण कागद फार छान असतो. मागच्या बाजूला हौद असतो. चिंध्यांचा लगदा पाण्यात तरंगत असतो, कामगार चाळणी बुडवून अलगद वर घेतो, पाणी निथळतं आणि चाळणीवर एक पातळ थर राहतो. तो अजून कागद झालेला नसतो आणि चिंधीही राहिलेला नसतो. पाहण्यासारखं काही असेल तर ते हेच. पण "आत काही नाही, ओलं आहे, पाय घसरेल" असं सांगून मंडळींना बसकडे वळवलं जातं.

संभाजीनगर शहरात हिमरू कापडाचं तर नाटकच होतं. एका दुकानात दारातच माग मांडला होता. बस थांबली की एक गृहस्थ त्यावर येऊन बसत, चार वेळा धोटा फेकत, आणि मंडळी आतल्या गाद्यांकडे गेली की उठून चहा घेत. मागावरचं कापड बहुधा त्या दिवसाअखेरीस चार बोटं वाढत असेल. यात त्या गृहस्थांचा दोष नाही. आपल्याला विणताना बघायचं नसतं, विणताना बघितल्याचा व्हिडिओ हवा असतो. तो मिळाला की आपलं काम झालं, आणि त्यांचंही.

पैठण मात्र जुनं गाव. सातवाहनांची राजधानी. ग्रीक भाषेतल्या 'पेरिप्लस' या प्रवासग्रंथात, पहिल्या शतकाच्या आसपास, ते भडोचपासून वीस दिवसांच्या वाटेवर असल्याचं आणि तिथून गाड्यांतून मौल्यवान दगड बंदरावर येत असल्याचं म्हटलंय. आता संभाजीनगरहून तासा-दीड तासात पोचतो, आणि पोचल्यावर वीस मिनिटांत निघतो.

पैठणीच्या मागावर तीन धोटे चालतात: एक अंगासाठी, दोन काठांसाठी. पदर आला की रंगीत रेशमाच्या आणि जरीच्या छोट्या कांड्या एकेका आकृतीपुरत्या फिरवाव्या लागतात. मोर, मुनिया, आसावली, आणि अजिंठ्याच्या चित्रांतून उचललेलं कमळ. उलट बाजूनंही नक्षी तशीच नीट दिसली पाहिजे, ही हातमागाच्या पैठणीची परीक्षा. झालेली साडी तुरीवर गुंडाळत जाते, त्यामुळे विणणाऱ्याच्या नजरेसमोर कधीही वीतभरच असते. पुरी साडी त्याला मागावरून उतरल्यावर दिसते, आणि बहुधा तेव्हाच ती त्याच्याकडून जाते. हे मला ताम्रपटातल्या त्या शिल्प्यापेक्षाही अवघड वाटतं. त्याला निदान चौकात उभं राहून पाहता आलं होतं.

आमच्यातल्या एका ताईंनी विणकराला विचारलं, "दादा, किती दिवस लागतात एका साडीला?"

"पदरावर आहे, ताई. साधा असला तर महिनाभर. भरलेला असला तर..." असं म्हणून त्यांनी कांडी फिरवली आणि वाक्य तिथेच सोडलं.

"आणि शेवटची किंमत सांगा," ताईंचे यजमान म्हणाले.

हीच मंडळी आदल्या दिवशी कैलासासमोर "काय चिकाटी असेल हो त्या लोकांची!" म्हणून हळहळली होती. बाराशे वर्षं उलटली की चिकाटीचं कौतुक होतं. जिवंत माणसाची चिकाटी मात्र भावात धरलेली असते.

गाईडवर राग नाही. गाईडही कारागीरच आहे. हजारो घोळक्यांवर घासून त्याची गोष्ट गुळगुळीत झालेली असते, आणि म्हणूनच तीत तो स्वतः दिसत नाही. एकदा घोळका थाळीकडे पळाला तेव्हा मी एका वयस्क गाईडना विचारलं, "काका, सोबत कोणी नसलं तर तुम्ही कुठे थांबता?" ते मला बत्तिसाव्या लेण्याच्या खालच्या, अपुऱ्या भागात घेऊन गेले. भिंतीपासून बोटभर अंतर ठेवून त्यांनी छिन्नीच्या रेघा दाखवल्या. "या सगळ्या इकडे झुकतायत, आणि एवढ्याच तिकडे. हा माणूस डावरा असणार." खरं-खोटं कोकासाला ठाऊक. पण सकाळपासून राजे आणि देव यांच्यापलीकडे न गेलेल्या त्या तोंडातून पहिल्यांदाच एका मजुराचा उल्लेख आला होता.

तेव्हा वाचकहो, जायचं असेल तर एवढं करा. वेरूळ मंगळवारी बंद असतं आणि अजिंठा सोमवारी, हे पाहून निघा. गाईड जरूर घ्या, पण त्याला सुरुवातीलाच सांगा की आम्हाला निम्मीच लेणी पाहायची आहेत, त्यात अपुरी हवीत, आणि पैसे पूर्ण देऊ. कागजीपुऱ्यात हौद आधी, डायरी नंतर. पैठणला माग आधी, गादी नंतर. आणि घासाघीस करायची हौसच असेल तर साडी किती दिवस मागावर होती ते विचारा, तेवढ्या दिवसांचा आपला स्वतःचा पगार काढा, आणि मग तोंड उघडा.