थंड हवेचे काका

जुळे सोलापुरात दोन-चार गल्ल्यांमागे असे एक काका असतातच. निवृत्त झाले की टूरवाल्याबरोबर दार्जिलिंग-गंगटोक करतात. बाकीचे येताना शाली आणतात, हे अझेलियाचं रोप आणतात. ते रोप सबंध प्रवास काकूंच्या मांडीवर बसून करतं.

मग दूधवाल्याचीही सुटका नाही. "ऱ्होडोडेंड्रॉन आणि अझेलिया एकाच घराण्यातले, बरं का! उत्तराखंडाचा राज्यवृक्ष बुरांस, नेपाळचं राष्ट्रीय फूल गुरांस, सगळे तेच. निलगिरीवरसुद्धा लालभडक फुलतो!"

"व्हय की ओ. एक लिटर घालू का दीड?"

रोपाची बडदास्त जावयापेक्षा वरचढ. त्याला लागते आम्लधर्मी माती, सामू साडेचार ते सहा. आपली काळी माती चुनखडीची, सामू आठच्या घरात. तिच्यात लोह असूनही या रोपाला ते उचलता येत नाही. पानं पिवळी पडतात, शिरा तेवढ्या हिरव्या राहतात. म्हणून काळ्या मातीला कुंडीबंदी. आत कोकोपीट, कुजलेला पाला, चिमूटभर गंधक. मुळं अगदी वरवर पसरलेली, तेव्हा कुंडीला खुरपं लावायचं नाही, अशी घरात सक्त ताकीद.

खरा घोर पाण्याचा. नळाला चार दिवसांआड, बोअरचं जड. काकांनी शोध लावला एसीतून ठिबकणाऱ्या पाण्याचा. त्यात क्षार जवळजवळ नसतात, हे अगदी शास्त्रशुद्ध. फक्त एसी समोरच्या वकिलांचा. वकील मे महिन्यात गावाला निघाले की काका फाटकात आडवे: "चालूच ठेवून जा की ओ, बिलाचं बघू आपण!"

पारा 42-43 वर गेला की कुंडीवर दुहेरी हिरवी जाळी, भोवती ओलं गोणपाट आणि शेजारी टेबलफॅन. काकू भाकऱ्या थापता थापता म्हणतात, "इथं चुलीपुढं कुणी पंखा लावत नाही."

"तुझा जन्म अक्कलकोटचा. ते बिचारं थंड हवेतलं आहे."

एवढं करून अझेलिया बहुधा पावसाळा बघत नाही. हौसेला मोल नसतं म्हणतात, पण जो जिल्हा डाळिंबावर उभा आहे तिथं माणसानं हिमालयाशीच सोयरीक का मागावी? गच्चीवर काकूंनी लावलेलं अडेनियम आहे. पाणी घालायचं विसरलं तरी भर उन्हात गुलाबी फुलांनी लगडलेलं.

पाहुणे ते बघून थबकतात. "हीच का हो ती अझेलिया?"

काका काकूंकडे न बघता सांगतात, "हो. सोलापुरी जात."