उरलेले सहा बार

मोपा विमानतळावर उतरलेल्या भाच्यानं डिचोलीच्या आमच्या स्वयंपाकघरात एस्प्रेसो यंत्र आणलं. खोक्यावर दाब ‘१५ बार’. एस्प्रेसोला ९ पुरतात. उरलेले ६ बहुधा शेजाऱ्यांना दाखवायला. आईचा कुकर जेमतेम एका बारवर डाळ शिजवतो, वर शिट्टी मारून बजावतो, सेफ्टी व्हॉल्व्हही बाळगतो. हे यंत्र मुकाट तापतं. दाब उतरण्याआधी गाळणीची मूठ फिरवलीत, तर उकळता चोथा थेट अंगावर! अर्थिंग? प्लगला तिसरी पिन आहे; भिंतीतल्या तिसऱ्या भोकामागे वायर आहे का, ते वायरमनलाच ठाऊक. पंचवीसेक सेकंदांत कप भरायचा, तर अठराव्याला लाईट गेली. पेडण्याच्या मावशीनं तळाचा काळा घोट हुंगला नि विचारलं, “ताप कुणाला आलाय?”