जेमीने झाकण उघडलं हो!

ऐकलंत का? विलायतेत एक पोरगेलासा आचारी टीव्हीचा कॅमेरा घेऊन थेट शाळेच्या भटारखान्यात घुसला! साल २००५, नाव जेमी ऑलिव्हर. आचाऱ्याने कसं, पडद्यावर फोडणी द्यावी नि गोड हसावं. पण हा निघाला मुलांच्या पानात काय पडतं ते बघायला! आणि पडत काय होतं? टर्की ट्विझलर. वेटोळी घालून तळलेला ऐवज. त्यात टर्की पक्ष्याचं मांस शोधाल तर जेमतेम एक तृतीयांश. पोरामागे जेवणाचं सामान सदतीस पेन्सचं. साक्षात साहेबाच्या राज्यात! शिव शिव!

मग काय, देश पेटला. अडीच लाखांहून अधिक सह्या पंतप्रधानांच्या दारात पोचल्या, सरकारने २८ कोटी पौंड जाहीर केले. आहारतज्ज्ञ कानीकपाळी ओरडत होते, तेव्हा ही थैली कुठे दडली होती म्हणे?

थांबा, खरी गंमत पुढेच आहे. २००६ मध्ये शाळेत पौष्टिक जेवण आलं, तर इंग्लंडातल्या रॉदरहॅमच्या काही आयांनी शाळेच्या कुंपणातून पोरांना बर्गर-चिप्स पोचवले. भरदिवसा! आमच्या लेकरांनी काय खावं ते सांगणारा हा कोण टिकोजीराव?

२०१० मध्ये स्वारी अमेरिकेत, हंटिंग्टनला. पहिलीतल्या मुलांपुढे टोमॅटो धरला, तर पोरं म्हणे बटाटा! मग याने कोंबडीचा सांगाडा, कातडी, सगळं त्यांच्यादेखत वाटलं, गाळलं, नगेट्स तळले. पोरं आधी 'ई' करून किंचाळली. आता कोण खाणार, विचारल्यावर झाडून सगळे हात वर! जेमीचा चेहरा बघण्यासारखा.

म्हणजे किळस दाखवून जीभ सुधारत नाही. सुधारलं कुठे? ब्रिटनने २०१६ मध्ये साखरेच्या पेयांवर कर जाहीर केला (तेव्हा हा गृहस्थ संसदेबाहेर चक्क नाचला!). कर लागू झाला २०१८ मध्ये. पण त्याआधीच कंपन्यांनी बाटल्यांतली साखर गुपचूप उतरवली. तेच ट्विझलरचं. २००५ मध्ये गायब झालेलं हे ध्यान २०२० मध्ये परत आलं, ते मात्र टर्की वाढवून.

तेव्हा भेसळीचा पुढचा सनसनाटी कार्यक्रम जरूर बघा, 'अगंबाई' म्हणा, शेजारणीलाही सांगा. फक्त महिन्याभराने एवढं विचारा: त्या मालावर नियम आला का? नसेल, तर झाली ती नुसती करमणूक.