पळसाखाली ताडपत्री

जपानी कौटुंबिक विनोदात चेरी फुलली की अख्खं घर झाडाखाली जाऊन बसतं आणि फुलं सोडून सगळीकडे बघतं. आजीचा जीव डब्यात, बाप शेजाऱ्याशी जागेवरून भांडतोय, पोरगं चप्पल हरवून बसलंय. एवढ्या भांडवलावर विनोद चालत असेल तर आपल्या महागावात तो धावेल. फाल्गुनात उमरखेड-पुसदकडच्या धुऱ्यांवर पळस पेटतो. चेरीचा बहर आठवड्याभरात झडतो, पळस त्याहून दमदार. तिकडे बसायला निळं प्लास्टिक लागतं. आपल्याकडे ताडपत्री आहेच. आणि ताडपत्री म्हणजे काय चीज! सोयाबीनची गंजी तीच झाकते, हरभरा तिच्यावरच वाळतो, लग्नात जेवणाची पंगत तिच्यावर बसते, पावसाळ्यात गळक्या छपरावर तीच चढते आणि शेजाऱ्यानं नेली की परत येताना तिला दोन भोकं जास्त असतात. जागा धरायला जपानी कंपन्या म्हणे नव्या कारकुनाला पहाटेच पाठवतात. एसटीच्या खिडकीतून रुमाल टाकणाऱ्या समाजाला हे कुणी शिकवायचं?

पळसाला वास नाही, असा आक्षेप येईल. टोकियोत सर्वत्र दिसणाऱ्या सोमेई योशिनो चेरीलाही तो नसल्यातच जमा आहे. "उनातान्हात कायले जाता?" हा आजीचा आक्षेप मात्र वजनदार, कारण फुलतो तेव्हा पळसाच्या अंगावर पान नसतं, सावली कुठली? म्हणून सकाळी जावं, किंवा ताडपत्री खाली न अंथरता वर बांधावी. तिसरा आक्षेप मार्चचा: वर्षअखेर आहे, वेळ कुणाला? पण जपानचंही आर्थिक वर्ष ३१ मार्चलाच संपतं, शाळाही एप्रिलमध्ये सुरू होतात. तरी ती माणसं बसतात. इथवर माझा युक्तिवाद मलाच फार आवडला होता. पण तिथल्या कारकुनाचा पगार चेरीच्या दिवसांतल्या सुगीवर अवलंबून नसतो. इथे त्याच दिवसांत गहू-हरभरा काढायचा असतो, घरातला कापूस भावाची वाट बघत असतो आणि पीककर्जाची मार्चअखेर दारात उभी असते. ज्याच्या धुऱ्यावर पळस आहे त्यालाच त्याखाली बसायला सवड नाही, आणि आम्ही लेखक दर फाल्गुनात त्याच पळसावर केशरी विशेषणं उधळून मानधनाची चौकशी करतो.

तेव्हा ज्यांचा पगार महिन्याला ठरलेला आहे त्या मास्तर-बाबूंनी, आणि आम्हा लेखकांनीही, यंदा सुरुवात करावी. डबा दोन माणसांचा जास्त न्यावा, धुऱ्याच्या मालकाला आधी विचारावं, आणि फोटोसाठी फांदी मोडू नये.