उडालेला गेम परत कसा आणावा : नवशिक्यांसाठी, नगर जिल्हा आवृत्ती

ज्यांचा गेम आज सकाळपर्यंत होता आणि आत्ता नाही, अशांसाठी ही मार्गदर्शिका आहे. वयाची अट नाही. लागणारं साहित्य : चार्जर, एक कोरा पेनड्राइव्ह, घरातल्या सगळ्यांचे ईमेल आणि पासवर्ड (सांगितले तर), आणि वीज. वस्तीवर राहणाऱ्यांनी सिंगल फेज केव्हा जातो हे बघून मगच कामाला लागावं.

पायरी पहिली : कोणावर ओरडू नका. गेम उडवणारं माणूस घरातलंच असतं आणि ते कधीच कबूल होत नाही. ‘स्टोरेज फुल झालं होतं’ एवढंच म्हणतं. ते भरलेलं असतं साखरपुड्याच्या व्हिडिओंनी, ‘शुभ सकाळ’च्या गुलाबांनी आणि गावच्या ग्रुपवर चौघांनी चार कोनांतून टाकलेल्या एकाच सप्त्याच्या फोटोंनी. यातलं काही उडवायची छाती घरात कोणाची नसते, कारण कुणाला तरी राग येईल. गेमला मात्र कोणी वाली नसतो. चौकशी उद्या करा. आज चिडून जी बटणं दाबाल, त्यांनी उरलंसुरलंही जाईल.

पायरी दुसरी : मशीनवरून हात काढा. याचं कारण समजून घ्यायला श्रीरामपूर तालुक्यात जाऊन यावं लागेल. प्रवरेच्या काठी दायमाबाद आहे. १९७४ साली तिथे झाडाचं मूळ खणताना ब्राँझच्या चार वस्तू वर आल्या : बैलजोडीचा रथ आणि तो हाकणारा माणूस, शिवाय चाकांवरचे हत्ती, गेंडा आणि रेडा. काही हजार वर्षं ही मंडळी तिथेच होती. वर कुणी खोल पाया घेतला नाही, म्हणून राहिली. साध्या हार्ड डिस्कवर फाइल डिलीट केली की असंच होतं. कॉम्प्युटर फाइल पुसत बसत नाही, यादीतली तिची नोंद तेवढी मोकळी करतो आणि ‘ही जागा रिकामी’ असं समजून चालतो. फाइल खाली पडून असते. तिच्यावर नवं काही लिहिलं गेलं की मात्र संपली. म्हणून ‘गेम गेला’ या दुःखात त्याच ड्राइव्हवर दोन सिनेमे डाउनलोड करणाऱ्याला कोणी मदत करू शकत नाही. रिकुव्हा किंवा फोटोरेक यांसारखं फाइल शोधणारं सॉफ्टवेअर घ्यायचं तेही दुसऱ्या मशीनवर उतरवून, पेनड्राइव्हवरून चालवायचं. जे सापडेल ते त्याच ड्राइव्हवर ठेवायचं नाही. नवशिके नेमकं तिथेच ठेवतात.

लॅपटॉप नवा असेल आणि त्यात एसएसडी असेल, तर दायमाबादची आशा सोडा. एसएसडीला ‘ट्रिम’ नावाची आज्ञा जाते. विंडोज ७ पासून ती आपोआप जाते. मग मोकळी झालेली जागा एसएसडी स्वतःच झाडून ठेवते. तिथे गेंडाही मिळणार नाही.

आता कॉम्प्युटर. सर्वांत आधी खात्री करा की गेम खरंच उडाला आहे. पुष्कळदा डेस्कटॉपवरचा आयकॉन तेवढा गेलेला असतो. आयकॉन म्हणजे शॉर्टकट, गेम सी ड्राइव्हच्या पोटात सुखरूप असतो. रीसायकल बिन उघडून बघा. तिथे नसेल तर कुणीतरी शिफ्ट दाबून डिलीट मारलेलं आहे. असं माणूस जाणतं असतं, त्याच्यापासून पुढेही जपा.

खरा घात दुकानात होतो. पीसी हळू चालतो म्हणून नेला की दुकानातला पोरगा म्हणतो, ‘विंडोज मारून देतो, डी ड्राइव्हला हात लावत नाही.’ शब्दाला तो जागतो. गेम डी ड्राइव्हवर होता, तो तसाच असतो. पण व्हाइस सिटीसारखे गेम आपला सेव्ह ‘डॉक्युमेंट्स’मध्ये ठेवतात आणि डॉक्युमेंट्स असतात सी ड्राइव्हवर. म्हणजे गेम घरी येतो, त्यात अख्खं शहर येतं, गाड्या येतात, पण तुम्ही दहावीची सुट्टी घालवून विकत घेतलेले बंगले येत नाहीत. परत आणायचा असतो तो सेव्ह. गेम कुठेही मिळतो, तुमची सुट्टी मिळत नाही. म्हणून दुकानात जाण्याआधी ‘जीटीए व्हाइस सिटी युजर फाइल्स’ हे फोल्डर पेनड्राइव्हवर घ्या. दुकानदाराला ते आठवणीने घ्यायला सांगितलं तर तो हो म्हणेल. तो सगळ्यालाच हो म्हणतो.

कॉलेजच्या लॅबमध्ये किंवा जुन्या नेट कॅफेत गेम टाकला होता आणि दुसऱ्या दिवशी नव्हता, तर ती चोरी नव्हे. तिथे ‘डीप फ्रीझ’ असायचं. मशीन बंद करून चालू केलं की आदल्या दिवशीचं सगळं नाहीसं होई.

काही गेम तुम्ही उडवलेलेच नसतात. विंडोज एक्सपीमधला पिनबॉल आठवतो ना? २००७ साली व्हिस्टा आली आणि तो गायब झाला. सायबर कॅफेवाल्यावर उगाच संशय घेतला गेला. मायक्रोसॉफ्टमध्ये काम करणाऱ्या रेमंड चेन यांनी नंतर खुलासा केला : ६४ बिटच्या मशीनवर तो चालवून पाहिला तर चेंडू कुठेच आपटेना, लाँचरमधूनच सरळ खाली पडून जायचा. दुसऱ्या कंपनीने लिहिलेल्या त्या जुन्या कोडमध्ये चूक कुठे आहे हे कोणाला सापडलं नाही, म्हणून गेमच काढून टाकला.

स्टीमवरून रीतसर विकत घेतलेला गेम असेल तर काळजी नाही. लायब्ररीत नाव राहतं, पुन्हा इन्स्टॉल दाबायचं. काही गेमचे सेव्हही स्टीमच्या क्लाउडवर असतात, सगळ्यांचे नाही. अडचण वेगळीच आहे. १०० जीबीचा गेम दिवसाला दीड जीबीच्या पॅकवर उतरवायला ६७ दिवस लागतील, तेही घरात दुसऱ्या कोणी एकही रील पाहिलं नाही तर. तेवढ्यात मेथीची जुडी दोनदा निघते.

कन्सोलचं प्रकरण छोटं आहे. टीव्ही गेमची पिवळी कॅसेट असेल तर परत आणण्यासारखं तिच्यात काही नव्हतंच. काँट्रात सेव्ह नव्हता, लाइट गेली की पहिल्यापासून. कॅसेट चालत नसेल तर फुंकू नका. फुंकरीने वाफ जाते आणि पिना गंजतात. कापसाला आयसोप्रोपिल अल्कोहोल लावून पुसा आणि वाळू द्या. प्लेस्टेशन २ वाल्यांनी ८ एमबीचं मेमरी कार्ड शोधावं, बहुतेक ते मामाच्या घरी राहिलेलं असतं. सेव्ह होताना लाइट गेली असेल तर ते मामालाही द्यायला हरकत नाही. प्लेस्टेशन ४ आणि ५ मध्ये गेम डिलीट केला तरी सेव्ह वेगळा राहतो. सेटिंगमध्ये जाऊन तोही कुणी उडवला नसेल तर गेम पुन्हा उतरवा आणि तिथूनच पुढे खेळा. एक्सबॉक्स सेव्ह आपणहून क्लाउडवर चढवतो आणि त्याचे पैसे घेत नाही. मात्र दुकानच उठलं तर इलाज नाही. कोनामीने ‘पी.टी.’ हा भुताचा छोटा गेम २०१५ साली प्लेस्टेशनच्या दुकानातून काढला, त्यानंतर ज्यांनी तो उडवला त्यांना तो परत उतरवता आला नाही. भूत राहिलं ते न उडवणाऱ्यांच्या मशीनमध्ये.

आता फोन. जिल्ह्यातले बहुतेक वाचक थेट इथेच आले असतील.

प्ले स्टोअर उघडा. वर कोपऱ्यात आपला फोटो दिसतो, तो दाबा. ‘मॅनेज ॲप्स अँड डिव्हाइस’मध्ये जा, मग ‘मॅनेज’मध्ये. तिथे ‘इन्स्टॉल्ड’ लिहिलेलं असेल, त्यावर बोट ठेवून ‘नॉट इन्स्टॉल्ड’ निवडा. या खात्यावरून आजवर घेतलेलं आणि आता फोनमध्ये नसलेलं सगळं समोर येईल. ही यादी एकट्याने पाहावी. वजन कमी करायचं ॲप, इंग्रजी बोलायचं ॲप, म्हातारपणी कसे दिसाल ते दाखवणारं ॲप, सगळं निघतं. त्यात गेम सापडेल. आयफोनवाल्यांना ॲप स्टोअरमध्ये आपल्या खात्यात अशीच यादी मिळते. काही वेळा फोननेच जागा करायला गेम ‘अर्काइव्ह’ केलेला असतो. तेव्हा आयकॉन जागेवर असतो, त्यावर ढगाचं चिन्ह येतं. नुसतं दाबायचं, आतला डेटा तसाच असतो.

यादीत गेम सापडला, उतरवला, उघडला आणि लेव्हल एक दिसली, तर पुढचा परिच्छेद बसून वाचा.

तुम्ही गेस्ट म्हणून खेळत होता. गेस्ट आयडी म्हणजे दुसऱ्याच्या जमिनीत बारा वर्षं राबून सात-बाऱ्यावर नाव नसणं. घाम तुमचा, पीकही तुम्हीच काढत होता, पण कुठल्याच दफ्तरात तुम्ही नाही. फोनमधून गेम गेला की त्या आयडीचा एकमेव कागद गेला. फेसबुक, गूगल, जे काय असेल ते खातं आधी जोडलं असतं तर नाव लागलं असतं. हे पटत नसेल तर घरातल्या आत्याचा कँडी क्रश पाहा. तिने तीन फोन बदलले, एक विहिरीत पडला, तरी तिची लेव्हल जागची हलली नाही, कारण तिने पहिल्याच दिवशी फेसबुक जोडलं होतं. ‘जीव पाठव’ म्हणून तिच्या रिक्वेस्ट यायच्या तेव्हा सगळे हसत होते.

आयडी हॅक झाला असेल, तर ‘परत मिळवून देतो, फक्त ओटीपी सांग’ म्हणणारा भाऊ इन्स्टावर लगेच भेटेल. त्याला ओटीपी दिला की आयडी, डायमंड आणि आईच्या खात्यातले दुधाच्या पगाराचे पैसे एकदमच जातात. गेलेच तर वेळ न घालवता १९३० वर फोन करा. आणि शनिशिंगणापूरला घराला दार नसलं तरी चालतं, फोनला मात्र लॉक ठेवा.

इथवर घरातल्यांनी उडवलेले गेम झाले. दिल्लीने उडवलेल्यांची पद्धत निराळी. २ सप्टेंबर २०२० ला केंद्र सरकारने ११८ ॲपवर बंदी घातली, त्यात पबजी होतं. लॉकडाऊन चालू, कॉलेज बंद, आणि पारावरची चौघाचौघांची स्क्वॉड एका संध्याकाळी बेकार झाली. गेम फोनमध्ये असलेल्यांचाही काही आठवड्यांत सर्व्हर बंद पडला. मग ‘भावा, एपीके पाठव’ सुरू झालं. शेअरइट आणि झेंडर त्याच वर्षी जूनमध्ये आधीच बंद झाले होते, त्यामुळे फाइल पाठवायचीही पंचाईत. जुलै २०२१ मध्ये बीजीएमआय नावाने तो परत आला. जुना डेटा त्यात हलवायची मुदत ३१ डिसेंबर २०२१ ला संपली. ज्यांनी ‘करू नंतर’ म्हटलं त्यांचे कपडे, बंदुका आणि टियर तिकडेच राहिले. फेब्रुवारी २०२२ मध्ये फ्री फायर गेला, फ्री फायर मॅक्स राहिला. हा फरक आईबापांना आजतागायत समजावता आलेला नाही. त्याच वर्षी जुलैत बीजीएमआयही स्टोअरवरून उतरला आणि मे २०२३ मध्ये पुन्हा आला. अशा वेळी नवशिक्याने काय करायचं? काही नाही. फोनमधून गेम काढायचा नाही, खातं जोडलेलं ठेवायचं आणि बातम्या पाहायच्या. एपीकेच्या नादाला लागायचं नाही. अनोळखी ग्रुपवरच्या फाइलमध्ये गेम असतोच असं नाही, आणि दुसरं काही नसतंच असंही नाही.

पैसे लावून खेळायची रमी हवी असेल, तर या मार्गदर्शिकेकडे त्याची पायरी नाही. ऑगस्ट २०२५ मध्ये संसदेने कायदा केला आणि पैशांचे ऑनलाइन गेम बंद झाले. बाकीच्यांचे गेम उडाले तेव्हा लेव्हल गेली. यांचं गेम चालू असतानाच बरंच काही गेलं होतं.

विकत घेतलेला गेम तरी आपला असतो का, हा प्रश्न नवशिक्यांनी विचारू नये, झोप उडते. युबिसॉफ्टने ‘द क्रू’ हा गाड्यांचा गेम ३१ मार्च २०२४ ला बंद केला, तेव्हा डिस्क हातात असलेल्यांनाही तो खेळता येईना. कॅलिफोर्नियात आता कायदाच आहे : डिजिटल गेम विकताना ‘हा फक्त वापरायचा परवाना आहे’ असं गिऱ्हाइकाला स्पष्ट सांगावं लागतं. आपल्याकडे तो मजकूर आपण ‘आय ॲग्री’ दाबून आधीच मान्य केलेला असतो, न वाचता.

शेवटची शंका जिल्ह्याच्या उत्तर भागातून, उसाच्या पट्ट्यातून येते : फेसबुकवरचं फार्मविल परत येईल का? नाही. ते २००९ साली सुरू झालं आणि ३१ डिसेंबर २०२० ला, ज्या फ्लॅशवर चालत होतं त्याच्याबरोबरच, बंद झालं. तुमची गोठ्यातली गाय, कुंपण, शेजाऱ्याने टाकलेलं खत, सगळं ते चालवणाऱ्या झिंगा कंपनीच्या सर्व्हरवर होतं. रीसायकल बिनमध्ये शोधू नका. एरवी तो गेम इकडच्या माणसाने का खेळावा हेही कळत नव्हतं. दिवसभर खरा ऊस पाहिलेला माणूस रात्री उठून पडद्यावर चार तासांत येणाऱ्या स्ट्रॉबेरी काढायचा, कारण वेळेवर काढल्या नाहीत की त्या सुकून जायच्या. ज्यांना तो अनुभव पुन्हा हवाच आहे त्यांनी जुलै-ऑगस्टमध्ये आडसाली लागण करावी. गेम दीड वर्ष चालेल, मधे पॉज नाही. कारखान्यात नोंद मात्र लागणीनंतर लगेच लावून घ्या, आणि तोडीच्या वेळी मुकादमाचा फोन लागला नाही तर प्ले स्टोअरमध्ये त्यावर उपाय शोधू नका.