किल्ल्यात विवस्त्र सुट्टी: इच्छुकांसाठी पूर्वतयारी

फ्रान्समधल्या एखाद्या जुन्या गढीत नॅचरिस्ट सुट्टी घालवायचं ठरलं, की आधी बॅग भरायला घ्या. कपडेच नाहीत तर बॅग कशाला, असं पहिल्यांदा जाणाऱ्याला वाटतं. मोठे पंचे हवेत, चांगले दोन-तीन. या मंडळींचा सर्वात कडक सोवळ्याचा नियम असा, की कुठेही टेकताना आधी पंचा, मग आपण. खुर्ची तीनशे वर्षं जुनी असेल, तर हा नियम उभयपक्षी हिताचा.

चपला विसरू नका. 2024 साली मार्सेयच्या म्युसेम संग्रहालयात नॅचरिझमवरचं प्रदर्शन होतं. ते विवस्त्र पाहण्यासाठी खास वेळा ठेवल्या होत्या. बाकी सगळं उतरवा, पण पायताण सक्तीचं. पायात लाकडाची कुसळं जायला नकोत! संग्रहालयातून पूल ओलांडला की सेंट जॉनचा किल्ला. पुलावर मात्र भूमध्य समुद्राचा वारा आणि सहकुटुंब पर्यटक, दोन्ही असतात. विजार चढवलेली बरी.

आता चक्री जिना. तो एका वेळी एकाच माणसासाठी बांधलेला असतो, आणि नेमकं तेव्हाच खालून कोणीतरी येतं. अशा वेळी वरच्याने थांबावं, नजर छताला लावावी, 'बोंजूर' म्हणावं. अंग चोरून भिंतीला पाठ लावू नये. तो दगड जुलैतही गारठलेला असतो आणि तोंडून निघणारा उद्गार 'बोंजूर' नसतो. सरदारांनी भिंतींवर लोकरीचे चित्रमय पडदे टांगले ते कलेच्या प्रेमापोटी, असं गाईड सांगेल. मान डोलवावी.

चिलखत लांबूनच पाहा. पूर्ण पोशाख वीस-पंचवीस किलोंचा, आणि आत जाड कापसाची बंडी घालायचे. बंडीविना पोलादी सांध्यांत काय काय सापडू शकेल, याची कल्पना पुरे.

कोणी नाक मुरडलंच, तर इतिहास पुढे करा. मध्ययुगीन युरोपात पुष्कळ लोक उघडेच झोपत, डोक्याला तेवढी टोपी. ओतँच्या कॅथेड्रलमधल्या बाराव्या शतकातल्या शिल्पात तीन राजे एकाच पांघरुणात झोपलेत, मुकुटांसकट. पांघरुणाखालच्या पोशाखाविषयी शिल्पकार गप्प आहे.

फोटोंना सहसा बंदी असते. मंडळी उठायच्या आत पहाटे परवानगीने बुरूज टिपून ठेवा. काकू विचारणारच आहेत, "सगळ्या भिंतीच कशा रे? तू कुठंयस यात?"