हळदीत हळदोणेकर

काय हो वहिनी, काल झोप लागली का? आमच्याकडे साडेअकरापर्यंत कोणी आडवं झालं नाही. पलीकडच्या आळीत हळद, आणि ब्रास बँडातला ट्रंपेटवाला नेमका आमच्या खिडकीकडे तोंड करून उभा. फाट्यावरच्या कंटेनरांचे हॉर्न आता अंगवळणी पडलेत, पण हा म्हणजे अगदी उशाशी!

भांडायलाच निघाले होते मी. पायरीवर आले आणि त्याने 'शोला जो भडके' सुरू केलं. तिथेच बसले. हे आतून म्हणतायत, "काय गं, मिटलं भांडण?"

हसताय काय! मामंजी सांगायचे ना त्या गाण्याची हकिकत. गाणं 1951च्या 'अलबेला'तलं, भगवानदादांच्या. संगीत अण्णांचं, म्हणजे सी. रामचंद्र, पुणतांब्याचे चितळकर. आता पुणतांबेकराच्या गाण्यात ही विलायती पिपाणी शिरली कुठून? तर गोव्याहून. आंतोनियो झेवियर वाझ, जन्म 1916 चा, गाव बारदेशातलं हळदोणे. हळदीत हळदोणेकर, जमलं की नाही?

पण वाझ म्हणून कोण ओळखणार? सगळ्यांसाठी तो चिक चॉकलेट. आईशप्पथ, हेच नाव! अमेरिकेतला लुई आर्मस्ट्राँग वाजवायचा तसं वाजवायचा, गायचाही तसाच घोगरा. लोक हिंदुस्थानचा आर्मस्ट्राँगच म्हणायचे त्याला. मुंबईत ताजमहाल हॉटेलात त्याचा बँड असे, जॅझवर साहेबलोक नाचत.

आणि ही मंडळी सिनेमात का हवी होती, माहितेय? गोव्यात तेव्हा पोर्तुगीज. चर्चच्या शाळेत मेस्त, म्हणजे संगीताचे मास्तर, पोरांना गाण्याबरोबर युरोपातली स्वरलिपीही शिकवायचे. त्यामुळे पाच रेघांवरचे ठिपके ही पोरं पेपर वाचावा तशी वाचायची. आपले संगीतकार पेटीवर चाल गुणगुणणार. ती कागदावर उतरवायची, कुठे व्हायोलिन, कुठे ट्रंपेट हे मांडायचं, ही कामं बरीचशी गोवेकरांच्या हातची. चिक होता अण्णांचा सहायक. पंगतीत भाजीचं कौतुक घरच्या बाईचं होतं, वहिनी; वाटण घालणारीला कोण विचारतं? तुम्ही-आम्ही काय कमी वाटणं घातलीत?

गोवेकरांचा हात ऐकायचाय? 'ईना मीना डीका' घ्या, 1957च्या 'आशा'तलं. नीट ऐका, मध्येच चक्क कोंकणी शब्द आहेत. मला लग्न होऊन इतकी वर्षं झाली तरी ते उगीच बडबडगाणं वाटायचं!

'अलबेला'त तर चिक आपल्या बँडसकट पडद्यावरही दिसतो. झालरीझालरींचे शर्ट घालून सगळे. पुढच्या वेळी लागला की हाक मारते, या. बिचारा 1967 साली गेला, पन्नाशी जेमतेम ओलांडलेली.

हां, कालचं राहिलंच. वाजवणं संपल्यावर तो पोरगा आमच्याच पायरीवर येऊन टेकला. ट्रंपेट उलटा करून झटकला, तर थेंब थेंब पाणी, सगळी त्याची फुंकर! ओठ सुजून लाल. आधण ठेवलं मी. म्हटलं, विचारावं.

"काय रे, चिक चॉकलेट माहितेय का तुला?"

"चॉकलेट नको ताई, चहाच द्या."